कुंपणाबाहेरची प्रार्थना

उल्का रिसबूडचं आयुष्य दीड पानात बसवून द्या, असं मला आमच्या इथल्या मराठी मंडळाने सांगितलं होतं. दिलं बसवून. त्या दीड पानातलं एक वाक्य सोडलं तर सगळं खरं होतं, आणि त्या एका वाक्याची मला अजून शिसारी येते. म्हणून हे दुसरं लिहायला बसलेय. हे कोणी मागितलेलं नाही आणि स्मरणिकेत तर कोणी छापणारच नाही.

मी सीमा, उल्काची मावशी. स्टॅनमोरच्या ब्रॉडवेवर केमिस्टच्या दुकानात तेवीस वर्षं फार्मासिस्ट आहे. लोकं काउंटरवर येऊन काय काय उघडून दाखवतात! गळवं, खरूज, पिकलेली नखं. मला त्याची कधी घाण वाटली नाही. घाण वाटते ती माझ्या मेव्हण्यांची. शशिधर रिसबूड, माझ्या वीणाताईचा नवरा. आणि खरं सांगायचं तर त्यांच्या खालोखाल माझी स्वतःची.

भाऊजी चौऱ्याहत्तर साली पुण्याहून आले. आधी वेम्बलीला ड्राफ्ट्समन, मग ब्रॅकनेलच्या एका कंपनीत. माणूस हुशार, त्यात वाद नाही. पण आयुष्यात टेनिसची रॅकेट म्हणून हातात धरलेली नव्हती. उल्का नऊ वर्षांची असताना शाळेच्या समर फेअरमध्ये पीटीची बाई सहज बोलून गेली, की तुमच्या मुलीची नजर चांगली आहे हो. झालं! दुसऱ्या दिवशी हॅरोच्या लायब्ररीतून टेनिसवरची अकरा पुस्तकं घरात. आठवड्याभरात त्यांना सगळं टेनिस कळलं. कौन्सिलच्या पार्कातल्या फुटक्या कोर्टावर पोरीला रोज तीनशे फोरहँड आणि तीनशे बॅकहँड मारायला लावायचे. पाऊस असला तरी. या देशात पाऊस कधी नसतो? दोनशे नव्व्याण्णव झाले आणि एक जाळीत गेला की परत एकपासून. मी एकदा छत्री घेऊन तिला आणायला गेले होते तर मला म्हणाले, "सीमा, मध्ये बोलू नकोस, एकाग्रता मोडते." पोरीचे ओठ निळे पडले होते.

उल्का मात्र खरंच चांगली खेळायची. हे मी मावशी म्हणून सांगत नाहीये. डावखुरी, लांब हातांची, आणि बॉल कुठे येणार ते तिला जरा आधीच कळायचं. बाराव्या वर्षी काउंटीकडून, म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारखं, खेळायला लागली. तिथूनच हा सगळा किळसवाणा प्रकार सुरू झाला.

टेनिसमध्ये एक नियम आहे. मॅच चालू असताना बाहेरून कोणी खेळाडूला काही सांगायचं नाही. कोच नाही, आई नाही, बाप नाही. आत गेलीस की तू आणि तुझं डोकं. भाऊजींना हे पटेल तर ना! ते कुंपणाला नाक लावून उभे राहायचे आणि मराठीत सुरू. तिला डावीकडे पळव, तिचा गुडघा दुखतोय, जवळ ये, लांब जा. इथल्या आपल्या माणसांना एक खात्री असते, की मराठीत काहीही बोला, गोऱ्याच्या बापाला कळणार नाही. बसमध्ये समोरच्या बाईच्या केसांबद्दल बोलतो, रांगेत पुढच्याच्या वासाबद्दल बोलतो. मीही बोलते. भाऊजींनी त्याचा धंदा केला.

मग एकदा, उल्का चौदा वर्षांची होती, रेफ्री आला. म्हातारा, लाल गालांचा, हातात क्लिपबोर्ड. भाऊजींना त्याने हटकलं नाही, माझ्याकडे आला. अगदी अदबीने विचारलं, की मॅडम, हे गृहस्थ काय बोलतायत ते सांगाल का? माझ्या तोंडून निघून गेलं, "ही इज प्रेइंग."

बिचारा कानापर्यंत लाल झाला. तीनदा सॉरी म्हणाला. कोणाच्या देवाधर्मात नाक खुपसलं की काय, या भीतीने जवळजवळ पळालाच. परत येताना भाऊजी गाडीत हसून हसून बेजार झाले. "सीमा, काय डोकं चाललं गं तुझं! प्रार्थना!" आणि मी, मेली, खूश झाले. घरी जाऊन ताईला ॲक्टिंग करून दाखवली. उल्का मागच्या सीटवर बूट न काढता बसली होती. हसली नाही. मला वाटलं, दमली असेल.

त्या दिवसापासून भाऊजींनी चालच लावली. डोळे मिटून, हात जोडून, स्तोत्र म्हटल्यासारखं डोलायचे आणि म्हणायचे, "जय जय देवाऽ, हिच्या बॅकहँडला माऽर. जय जय देवाऽ, ती दमलीय, आखूड टाऽक." कपाळाला गंधसुद्धा लावायला लागले. एरवी घरात देवाला दिवा ताई लावायची, हे कधी फिरकत नसत. रेफ्री माझ्याकडे बघायचा, मी मान डोलवायचे. ग्लासगो, नॉटिंगहॅम, जर्सी. मी नंतर आठवून आठवून मोजलं. सतरा वेळा. सतरा वेळा मी माणसांच्या तोंडावर खोटं बोलले, आणि प्रत्येक वेळी कोर्टावरची पोर माझ्याकडे एकदा बघून पुढची सर्व्हिस करायची.

अठराव्या वर्षी ती प्रोफेशनल झाली. ऐकायला केवढं वाटतं! टीव्हीवर दिसतं ते टेनिस वेगळं. आमचं टेनिस म्हणजे सकाळी सातला कुठल्यातरी गावाबाहेरचा इनडोअर हॉल, आत ओल्या मोज्यांचा वास, बघायला चार माणसं, त्यातली दोन आपलीच. माझी सुट्टी असली की मी जायचे. राहायला बी अँड बी, म्हणजे स्वस्तातलं घरगुती लॉज, तिथल्या गाद्यांवर कोणाकोणाचे केस, बाथटबला पिवळी कड. उल्काच्या टाचेला फोड आले की भाऊजी लायटरवर सुई तापवून स्वतः फोडायचे आणि अंगठ्याने दाबून दाबून पाणी काढायचे. मी म्हटलं, अहो, मी फार्मासिस्ट आहे, मला करू द्या, असं दाबलं तर पिकेल. तर म्हणाले, "तुला पाय दिसतो, मला फूटवर्क दिसतं." पिकलं. एकदा संडरलंडला ताप अंगात असताना खेळायला लावलं, तर दोन गेमच्या मध्ये ती थर्मासच्या झाकणात ओकली. त्यांनी झाकण विसळलं आणि त्यातच तिला लिंबूपाणी दिलं. मी बघत होते.

आणि ते कॅलेंडर! ताईच्या स्वयंपाकघरात फ्रिजच्या बाजूला मंडळाचं कॅलेंडर असायचं. त्यावर भाऊजी लाल पेनाने उल्काच्या पाळीच्या तारखा लिहायचे. कुठली टूर्नामेंट घ्यायची, कुठली सोडायची, ते ठरवायला म्हणे. तेवीस वर्षांची बाई ती! घरी चहाला आलेला प्रत्येक काका-काकू ते वाचत होता. मी ताईला म्हटलं, अगं, काढ ते, लाज कशी वाटत नाही? ताई म्हणाली, "काढलं तर त्यांची चिडचिड होते." माझ्या ताईचं सगळं आयुष्य या एका वाक्यात गेलं.

दोन हजार एकच्या सप्टेंबरमध्ये उल्काचं वर्ल्ड रँकिंग चारशे सदतीस झालं. जगात चारशे सदतिसावी. पुढे तेवढं कधी झालं नाही. भाऊजींनी पेढे वाटले. मंडळातल्या लोकांनी पेढा तोंडात टाकून विचारलं, "चारशे? मग टीव्हीवर कधी दिसणार?" त्यातल्या एकानेही कधी तिची मॅच बघितली नव्हती. उल्का त्या दिवशी माझ्या दुकानात आली होती, पायाची पट्टी घ्यायला. मी म्हटलं, अभिनंदन गं! तर म्हणाली, "कोणाचं, मावशी? माझं की बाबांचं?"

आता मुख्य गोष्टीकडे येते. दोन हजार तीनचा जून. सरेमधल्या एका जुन्या क्लबात ग्रासवरची टूर्नामेंट होती आणि जी जिंकेल तिला विम्बल्डनच्या क्वालिफाइंगमध्ये, म्हणजे पात्रता फेरीत, वाइल्ड कार्डने थेट प्रवेश मिळणार होता. उल्का फायनलला पोचली, कारण त्या आठवड्यात भाऊजींना ब्रॅकनेलच्या ऑफिसातून सुट्टी मिळाली नव्हती. फायनल शुक्रवारी होती. शुक्रवारी ते मोकळे होते.

गुरुवारी संध्याकाळी दुकान बंद करताना उल्का आली. आतल्या खोलीत औषधांच्या खोक्यावर बसली. तिचं मराठी इथल्या मुलांसारखं, पण त्या दिवशी तिने मुद्दाम मराठीत सांगितलं. "मावशी, उद्या बाबांना आणू नको. त्यांची गाडी गॅरेजमध्ये आहे, तू आणली नाही तर ते येऊ नाही शकत. मला एक मॅच एकटीने खेळायची आहे. हरली तरी चालेल. मी चौदा वर्षं खेळते, आणि मला माहीतच नाही, मी कशी खेळते."

मी तिचा हात हातात घेतला. म्हटलं, नाही आणणार. प्रॉमिस.

आणि शुक्रवारी सकाळी आठला भाऊजी माझ्या दारात. हातात थर्मास, कपाळाला गंध. त्याआधी ताईचा फोन येऊन गेलेला, की सीमा, ने गं त्यांना, नाहीतर दिवसभर घर डोक्यावर घेतील. भाऊजी म्हणाले, "मी लांब झाडाखाली उभा राहीन. तोंड उघडणार नाही. आईची शपथ." मी तरी काय विचार केला? बाप आहे, पोरीची एवढी मोठी मॅच, बघायचा हक्क आहे. विचार कसला, मखलाशी ती. ताईची चिडचिड नको, भाऊजींची चिडचिड नको, आणि उल्का काय, समजून घेईल. नेहमी जी समजून घेते तिच्याच डोक्यावर आपण पाय ठेवतो. मी गाडीचं दार उघडलं.

पहिला सेट उल्काने सहा-तीन घेतला. देवा शप्पथ सांगते, मी तिला तसं खेळताना कधी बघितलं नव्हतं. समोर शेफिल्डची एक लाल केसांची मुलगी होती, दांडगी. तिची सर्व्हिस यायची धाडकन, आणि उल्का सहज वळून परत द्यायची. एकदा आखूड टाकायच्या जागी तिने उंच लॉब मारला, तो बरोब्बर रेषेवर पडला आणि ती स्वतःशीच हसली. क्लबातल्या म्हाताऱ्या बायका केक खाता खाता टाळ्या वाजवत होत्या.

दुसऱ्या सेटमध्ये बाजू बदलताना तिला भाऊजी दिसले. झाड सोडून कुंपणापाशी आले होते. मी शेजारी उभी. तिने आधी त्यांच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. रॅकेट जमिनीवर आपटली, दोन तुकडे. चेअर अंपायरने वॉर्निंग दिली. तो सेट चार-सहा गेला.

तिसरा सेट चार-चार. उल्काची सर्व्हिस, तीस-चाळीस. म्हणजे हा एक पॉइंट गेला तर गेम जातो. भाऊजींना राहवलं नाही. डोळे मिटले, हात जोडले आणि सुरू. "जय जय देवाऽ, हिच्या अंगावर सर्व्ह कऽर..."

मी त्यांची बाही ओढली. अहो, शपथ घेतलीत ना! तर डोळे मिटलेलेच ठेवून डोलत राहिले. लाल केसांची मुलगी थांबली, अंपायरला म्हणाली, हा माणूस सारखा काहीतरी बोलतोय. अंपायरने रेफ्रीला बोलावलं. स्ट्रॉची हॅट घातलेला, आमच्या चांगल्या ओळखीचा माणूस. आधी तीन टूर्नामेंटमध्ये मी त्याला उत्तर दिलेलं होतं. तो माझ्याजवळ आला आणि ओळखीचं हसून म्हणाला, "प्रेइंग, ॲज यूज्वल?"

उल्का बेसलाइनवर बॉल हातात धरून उभी होती.  मी मान हलवली. हो म्हणून. सवयीने म्हणा, भित्रेपणाने म्हणा, पण हलवली. रेफ्री वळून जायला लागला.

"नो," उल्का म्हणाली. मोठ्याने. मग तिने इंग्लिशमध्ये, एकेक शब्द तोडून सांगितलं, की ते प्रार्थना करत नाहीयेत. ते माझे वडील आहेत आणि ते मला कोच करतायत. मी लहान असल्यापासून प्रत्येक मॅचमध्ये करतायत. प्लीज त्यांना बाहेर काढा.

रेफ्रीचा चेहरा मी विसरणार नाही. त्याने भाऊजींकडे बघितलं नाही, माझ्याकडे बघितलं. काउंटरवर कोणी खोटं प्रिस्क्रिप्शन दिलं की मी जसं बघते, तसं. नियम म्हणजे नियम. कोचिंगची शिक्षा खेळाडूलाच होते. आधीची एक वॉर्निंग होतीच, म्हणून या वेळी थेट पॉइंट गेला. पॉइंट गेला म्हणजे गेम गेला. चार-पाच, आता समोरचीला एकच गेम हवा होता. हे उल्काला तोंड उघडायच्या आधी पक्कं माहीत होतं. गप्प बसली असती तर ती सर्व्हिस तिला मिळाली असती.

भाऊजींना दोन माणसांनी गेटपर्यंत नेलं. जाताना ते मराठीत जे ओरडले ते मी लिहीत नाही. स्वतःच्या मुलीला कोणी असले शब्द वापरत नाही, आणि गंध लावलेल्या तोंडाने तर नाहीच नाही.

शेवटच्या गेममध्ये उल्काला दोनदा ब्रेक पॉइंट मिळाला, म्हणजे तो गेम घेऊन पाच-पाच करायची संधी. दोन्ही सोपे बॉल होते, दोन्ही तिने जाळीत घातले. मग मॅच संपली. तिने त्या मुलीशी हात मिळवला, अंपायरशी मिळवला, बॅग उचलली आणि स्टेशनच्या रस्त्याला लागली. माझ्या समोरून गेली. 

नंतर जे झालं त्याने तर मला अक्षरशः ओकारी यायची. भाऊजींनी घराघरात जाऊन सांगितलं, की मी बाहेर उभा राहून पोरीसाठी देवाला आळवत होतो आणि तिने मला पंधरा गोऱ्यांसमोर चोर ठरवून हाकललं. लोकांनी विश्वास ठेवला. का ठेवणार नाहीत? गंध लावलेला बाप आणि रॅकेट तोडणारी पोर. "इथे वाढलेली मुलं ना, देवाचीसुद्धा लाज नाही त्यांना!" खोकल्याचं औषध घ्यायला आलेल्या बायका काउंटरवर वाकून मला विचारायच्या, तुम्ही होतात ना तिथे, खरंच तो देवाचं म्हणत होता का? मी म्हणायचे, जाऊ दे हो, घरातलं आहे. मूग गिळून बसले. चार वर्षं. त्या जागी दुसरा कोणी साक्षीदारच नव्हता, मी होते फक्त.

उल्काने पुढच्या वर्षी खेळणं सोडलं. खांदा दुखावला होता, हेही खरं. वॉटफर्डला फ्लॅट घेऊन राहायला लागली आणि कौन्सिलच्या कोर्टावर मुलांना शिकवायला लागली. चांगलं शिकवते. आईबापांना मॅचच्या वेळी कॅफेत बसवते, ते कुरकुर करतात, ती ऐकत नाही. ताईला महिन्यातून एकदा बाहेर भेटायची. बापाच्या घरात पाय टाकला नाही. माझ्या दुकानातही नाही.

मग दोन हजार सातला आमच्या मंडळावर अवधूत आला. पुण्याचा पोरगा, ब्रॅकनेलला आयटीत, उत्साहाचा नुसता धबधबा. याला इंटरनेटवर सापडलं, की एक मराठी मुलगी वर्ल्ड रँकिंगमध्ये होती. "सीमाताई, तुमची भाची! आणि आपण तिचा साधा सत्कार केला नाही? गणपतीत करू. शाल, श्रीफळ, आणि वडिलांचाही गुरू म्हणून. तुम्ही चरित्र लिहा आणि वाचा. दीड पान. प्रेरणादायी लिहा हं!" खेळत होती तेव्हा एकानेही तिची मॅच बघितली नव्हती, आता शाल घेऊन धावले. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पण नाही म्हटलं का मी? छे!

मला वाटलं होतं, उल्का येणार नाही. तिचाच फोन आला. चार वर्षांनी. "मावशी, तू वाचणार आहेस असं तो अवधूत म्हणतो. तू खरं वाचणार असशील तर मी येते. ते प्रार्थनेचं. बाकी काय पण लिही, मला फरक नाही पडत. तिथे सगळे असतील, त्यांना एकदा कळू दे की मी खोटं नव्हती बोलली." मी म्हटलं, हो गं राणी, वाचते. पुन्हा प्रॉमिस.

आणि पुन्हा तेच. आदल्या दिवशी ताई कागद बघायला आली. वाचून रडायला लागली. म्हणाली, यांचं ब्लड प्रेशर, भर सभेत, गणपतीसमोर, माझ्या संसाराचा तमाशा करशील का? मी तिच्यादेखत ते वाक्य खोडलं आणि नवीन लिहिलं. 'प्रत्येक सामन्यात तिचे वडील कुंपणाबाहेर उभे राहून प्रार्थना करत.' हेच ते वाक्य.

शाळेचा हॉल होता. मखर, समया, दोनशे माणसं, मागे मोदकांचा वास. उल्का स्टेजवर खुर्चीत, अंगावर शाल. तिच्या शेजारी मध्ये एक खुर्ची सोडून भाऊजी, नवा कुर्ता घालून. मी वाचायला उभी राहिले. हॅरोचा जन्म, फुटकं कोर्ट, चारशे सदतीस, टाळ्या. ते वाक्य आलं. मी "प्रत्येक सामन्यात तिचे वडील" एवढं वाचलं आणि उल्काकडे बघितलं. ती पुढे वाकून ऐकत होती, अगदी परीक्षेच्या निकालाला बसतात तशी. मला माझीच किळस आली.

कागद खाली ठेवला. म्हटलं, "भाऊजी कोचिंग करायचे. नियम मोडून. प्रार्थना वगैरे काही नव्हती. उल्का खरं बोलली होती."

 अवधूत धावत माइककडे यायला लागला. पण त्याआधी भाऊजी उठले. शांतपणे. हे त्यांना छान जमतं. म्हणाले, "सीमा, रेफ्रीला प्रार्थना म्हणून कोणी सांगितलं? मी? मला तर तो कधी विचारायलाच आला नाही. एकदा नाही, दहा-पंधरा वेळा तूच सांगितलंस ना? मग तेव्हा खोटं बोलत होतीस, की आता बोलतेयस?"

 मी म्हटलं, तेव्हा.  पुढच्या रांगेतल्या काकू शेजारणीला म्हणाल्या, "बहिणींचं आपापसात काहीतरी असणार." अवधूतने माइक घेतला. सीमाताई भावनावश झाल्या आहेत, आपण आरतीला उभं राहू या, असं म्हणाला. लोकं उठली. टाळ, झांजा. दोनशे माणसांतल्या एकाचंही मत बदललं नाही, हे मला तिथेच दिसलं.

उल्काने शाल घडी करून खुर्चीवर ठेवली आणि मागच्या दाराने निघाली. मी तिच्या मागे कार पार्कपर्यंत धावले. दम लागला होता. म्हटलं, उल्का, मी सांगितलं गं. उशिरा का होईना, सांगितलं. त्यांनी ऐकलं नाही, त्याला मी काय करू?

ती गाडीच्या दाराला हात लावून थांबली. चिडली असती तर बरं झालं असतं. अगदी शांतपणे बोलली, मुलांना बॅकहँड समजावून सांगते त्या आवाजात.

"मावशी, बाबांचं मला काही नाही. ते तसेच आहेत. पण त्या फायनलला रेफ्री तुला विचारत होता ना, मी तुझ्याकडे बघत होती. मला वाटलं, आता मावशी सांगेल. पॉइंट गेला असता तरी चाललं असतं. तू बोलली असती तर मला नंतर फक्त खेळायचं होतं. मलाच बोलायला लागलं, आणि मग माझे हात थरथरायचे थांबेनात. त्या हातांनी मी ते दोन बॉल जाळीत मारले."

ती गाडीत बसली, सीट बेल्ट लावला आणि गेली.